कोमट पाण्याचा अध्यक्ष

(ताईच्या क्वार्टरमधलं स्वयंपाकघर. संध्याकाळ.)

ताई : नगराध्यक्षाची खुर्ची, दाराशी सरकारी गाडी, पेपरात हार घातलेला फोटो. एवढं पदरात पडणार म्हणून सख्ख्या भावोजींचं अणुवीज केंद्र बंद पाडलंस. आज सकाळी स्वतःच्या हातानं बटण दाबून आलास, आणि आता तोंड पाडून का बसलायस? चहा घे.

नेते : ताई, टोमणे नंतर मार गं. भावोजी, एक विचारू? रागवायचं नाही.

भावोजी : इतकी वर्षं आमच्या गेटवर माझ्या नावानं बोंबा मारल्यास, तेव्हा कधी रागावलो? विचार.

नेते : कालव्याचं पाणी परत कोमट कधी होणार?

भावोजी : कुठल्या कालव्याचं?

नेते : वेड पांघरू नका हो. केंद्रातून बाहेर पडतो त्याचं. माझी तळी त्याच पाण्यावर आहेत. दुपारपासून मासे आडवे पडायला लागलेत.

ताई : अगबाई! ज्या पाण्याला विष विष म्हणून घसा बसवलास, त्याच पाण्यात मासे वाढवत होतास?

नेते : ते भाषणात म्हणत होतो. तळ्यावर उभं राहून कधी म्हटलंय? घर चालतं माझं त्यावर. खुर्चीवर अजून भाताचं शीतही शिजलेलं नाही.

भावोजी : हिवाळ्यात भट्टी दुरुस्तीला काढायची झाली, की आधी तुला फोन कोण करायचं?

नेते : तुम्हीच.

भावोजी : आणि माशांना गारठा एकदम लागू नये म्हणून सावकाश, दोन-दोन दिवस घेऊन उतरवायचो. साहेब विचारायचे, एवढा संथपणा कशाला? यंत्राच्या तब्येतीला बरं असतं, म्हणायचो.

नेते : मग आजच काय धाड भरली होती?

भावोजी : तुझ्या केंद्रविरोधी समितीला तसं कळवलं होतं मी. ‘दिरंगाईचा डाव ओळखून आहोत,’ असं उत्तर आलं. खाली सही तुझी.

नेते : अहो, मंत्री येणार, कॅमेरे येणार. दोन दिवस टाळ्या कोण वाजवणार? बटण दाबलं की खटकन बंद, असंच शोभतं.

ताई : शोभलं हो. टीव्हीवर पाहिलं ना. दोन्ही हातांनी दाबत होतास.

नेते : भावोजी, थंडीपुरतं चालू करा. बोभाटा होणार नाही. ऊन तापलं की आम्ही पुन्हा घोषणा देतो.

भावोजी : अणुभट्टी आहे रे ती, गॅसची शेगडी नव्हे.

नेते : निदान उरलीसुरली ऊब तरी? बंद भट्टीही धगधगत असते, असं तुम्हीच सांगायचात.

भावोजी : असते. तेवढ्यानं तुझं एक तळंही तापायचं नाही. पण ती निववत बसायला माणूस लागतो. माझी बदली ठरली होती, ती रद्द झाली. आता निवृत्तीपर्यंत इथंच. क्वार्टरही राहिलं. तुझी कृपा.

नेते : तुमचं बरं झालं, माझं काय? मी उद्याच भरपाईचा ठराव मांडतो.

भावोजी : कुणाविरुद्ध? बटण कुणी दाबलं?

नेते : ...थंडीविरुद्ध मांडता येईल का?

ताई : मांड बाबा. फक्त सगळं खरं लिही. खुर्ची तुला, नोकरी ह्यांना, टाळ्या गावाला. जीव तेवढा माशांचा गेला. त्यांना कुणी समितीत घेतलंच नव्हतं.