एकोणतिसावी पट्टी

(तारकर्ली, १९६३. किनाऱ्याजवळच्या एका घराची ओटी, दुपारची वेळ. सुभद्रा वेधशाळेतल्या नोकरीतून पंधरा दिवसांच्या रजेवर घरी आली आहे. तुळसा तिची थोरली बहीण.)

सुभद्रा: खरं सांग बाय, या फोटोंच्या पट्ट्यांना कोणी हात लावला?

तुळसा: मी लावलंय. घरात आणि कोण आसा?

सुभद्रा: मी त्या पाटावर नंबरवार मांडून ठेवल्या होत्या. बेचाळीस पट्ट्या! आज तीनच्या गाडीने त्यांचा तक्ता मालवणच्या पोस्टात पडायला हवा.

तुळसा: ठाऊक आसा. कालपासून आठ वेळा सांगलंस.

सुभद्रा: मग?

तुळसा: मगे काय. काल शाळेतल्या तुझ्या सत्कारासून मी आधी इलंय. तू हेडमास्तरांकडे जेवूक रवलंस. तुझी ती शाल खुटयेर लावलंय, आणि समोर ह्यो पाट दिसलो. दिलंय लोटून. सगळ्यो पट्ट्यो जमनीर.

सुभद्रा: मुद्दाम?

तुळसा: हात लागान पडले म्हणीन तर खोटा होयत. मुद्दाम.

सुभद्रा: तुला कल्पना तरी आहे का, सहा महिन्यांचं काम...

तुळसा: ओरडा नको. मगे एकेक उचललंय. पाठीर आकडे इंग्रजी, ते माका वाचूक येनत नाय. म्हणान जशी दिसतत तशी लावलंय. एकासारखी एक.

सुभद्रा: एकासारखी एक म्हणजे?

तुळसा: बघ मा. हय जाड रेघो, थंय बारीक, पलीकडे नुसतो गोंधळ. पेडवे नि तारले, दोनव मासे एका पाटीत इले तर मी काय करतंय? वायले करून दोन ढीग लावतंय. लांबसून एकच दिसतत, हातात घेतले काय कळता. तसाच ह्या.

सुभद्रा: थांब. जरा बोलू नकोस... एकोणीस... चार... तेहेतीस... सात. हे तुला कोणी सांगितलं?

तुळसा: कोण सांगतलो? हय कोणाक कळता ह्यातला?

सुभद्रा: बाय, नंबर मागेपुढे झालेत, पण हा क्रम आहे. आमचा क्रम.

तुळसा: कसलो क्रम? नीट सांग.

सुभद्रा: प्रत्येक पट्टी म्हणजे एक तारा. दुर्बिणीपुढे काचेचा लोलक बसवला की ताऱ्याचा ठिपका पसरतो, इंद्रधनुष्यासारखा. फोटो काळा-पांढरा, म्हणून रंग दिसत नाहीत, पण या मधल्या काळ्या रेघा दिसतात. त्यांच्यावरून तारा किती तापलेला आहे ते कळतं. ही जाड रेघांची पट्टी आहे ना, ती 'ए' वर्गातली. हायड्रोजनच्या रेघा आहेत त्या. पांढरा तारा. मग 'एफ', मग 'जी'. आपला सूर्य त्या 'जी'मधला. मग 'के'. आणि तू गोंधळ म्हणतेस ते 'एम', तांबडे तारे. सगळ्यांत थंड.

तुळसा: तांबडो आणि थंड?

सुभद्रा: लोहाराकडे कोयती तापते तेव्हा आधी तांबडी होते. मग पिवळी, मग पांढरी.

तुळसा: व्हय, ता खरा. आणि ए-च्या अलीकडे ह्यो?

सुभद्रा: त्या 'बी'. त्यांच्याही आधी 'ओ', अगदी निळे. ते यात नाहीत.

तुळसा: ओ, बी, ए... माका इंग्रजी येणा नाय, पण ए पयलो असता इतक्या ठाऊक आसा.

सुभद्रा: पूर्वी नुसत्या हायड्रोजनच्या रेघांवरून ए, बी, सी अशी नावं दिली होती. पुढे कळलं की तापमानाचा क्रम वेगळाच आहे. मग काही अक्षरं गाळली, काही हलवली. नावं मात्र जुनीच राहिली.

तुळसा: म्हणजे शाण्यांचापण आधी चुकलाच. माझा किती बरोबर?

सुभद्रा: बरंचसं.

तुळसा: आकडो सांग.

सुभद्रा: बेचाळीसपैकी सदतीस.

तुळसा: तुका शिकाक किती दिस लागले?

सुभद्रा: तसं नसतं ते. आम्हाला प्रत्येक वर्गाचे पोटवर्ग करावे लागतात, शून्य ते नऊ...

तुळसा: किती दिस, सुभद्रे?

सुभद्रा: दोन वर्षं.

तुळसा: हं.

सुभद्रा: आणि पाच चुकल्यातच की. ही बघ एकोणतिसावी. ही 'बी'मधली, तू 'एफ'मध्ये टाकलीस.

तुळसा: ती थंयचीच आसा.

सुभद्रा: अगं, बी काय नि एफ काय, दोन्हींत हायड्रोजनच्या रेघा मध्यम. नवीन माणूस नेमका इथेच फसतो.

तुळसा: त्यो मोठ्यो रेघो बघूच नको. हय कडेक बघ, ही बारीक. एफच्या सगळ्यांक आसा. बीच्या एकाकपण नाय.

सुभद्रा: कुठे?

तुळसा: माझ्या नखाखाली. हय.

सुभद्रा: भिंग दे ते... कागदावरचा डाग आहे.

तुळसा: डाग?

सुभद्रा: डागच. चुकलीस तू.

तुळसा: बरा. तू शिकलेली, तुका कळता.

सुभद्रा: ते राहू दे. लोटल्यास का, ते सांग.

तुळसा: काल स्टेजार हेडमास्तरांनी इचारलेनी, घराक कोण कोण आसत? तू काय सांगलंस?

सुभद्रा: थोरली बहीण आहे म्हटलं.

तुळसा: "थोरली बहीण आहे, घर बघते." मी मागल्या बाकार बसललंय. बाजूक माझोच गिऱ्हाईक बसललो. माझ्याकडे बघून हसलो तो. सतरा वर्सां मालवणच्या बाजारात माशांची पाटी घेवन बसतंय मी, आणि तू सांगतंस घर बघता.

सुभद्रा: लाज वाटली म्हणून नाही गं. सगळ्यांसमोर पटकन सुचलं ते...

तुळसा: पटकन सुचता तीच लाज. बापूस होडयेसकट गेलो तेव्हा चौथीत माझो पयलो नंबर होतो. दुसरीत तुझो नववो. आवशीन सांगल्यान, एक शाळेक, एक पाटयेक. मी थोरली, माका पाटी. तेच्यात तुझो काय दोष? कायच नाय. म्हणान तर तुझ्याशी धड भांडूकपण गावना नाय!

सुभद्रा: आणि माका सगळा बरा गावला? आठव्या वर्सापासून दुसऱ्यांच्या घरात रवलंय, सावंतवाडीक मावशीकडे, मगे होस्टेलात. तू आवशीच्या कुशीत निजी होतंस. शेवटाक मी धावत इलंय तेव्हा आवशीन माका ओळखूकच नाय. "तुळशे, तुळशे" करी होती. मी उशाक बसललंय, माझो हात हातात धरून तुझा नाव घेय होती!

तुळसा: तिका आखरीक कोणच ओळखा नाय होता.

सुभद्रा: तुझा नाव घेय होती, बाय.

तुळसा: पाणी हाडू तुका?

सुभद्रा: नको. पेन्सिल कुठे गेली? उशीर होतोय.

तुळसा: ही घे. आणि रबर कित्याक काढलंस?

सुभद्रा: तक्ता जरा नीट करते.

तुळसा: खंयची ओळ खोडतंस? एकोणतिसावी?

सुभद्रा: तुला इंग्रजी आकडे वाचता येत नाहीत ना?

तुळसा: तुझा तोंड वाचूक येता.

सुभद्रा: डाग नव्हता तो.

तुळसा: मगे?

सुभद्रा: रेघच होती. कॅल्शियमची. बी ताऱ्यात ती जवळजवळ दिसतच नाही, एफमध्ये ठळक असते. फोटो पुसट आहे, पण आहे ती. भिंगातून स्वच्छ दिसली मला.

तुळसा: आणि तरी डाग म्हटलंस?

सुभद्रा: सहा महिने ती पट्टी माझ्या हाताखालून जातेय. वेधशाळेतल्या साहेबांनीसुद्धा बी म्हणूनच मान डोलावली होती. तू चुलीपुढून उठून येतेस आणि नखाने दाखवतेस. मला ते सहन झालं नाही, बाय. तोंडातून डाग असंच निघालं.

तुळसा: म्हणजे अडतीस.

सुभद्रा: अडतीस.

तुळसा: ह्या सगळा छापतले तेव्हा नाव कोणाचा?

सुभद्रा: साहेबांचं.

तुळसा: आणि तुझा?

सुभद्रा: शेवटी आभार असतात. तिथे "सहायकांनी परिश्रम घेतले" असं एक वाक्य येतं.

तुळसा: नाव नाय?

सुभद्रा: नाही.

तुळसा: मगे शाल कसली घातलेनी तुका?

सुभद्रा: ते मलाही काल विचारावंसं वाटत होतं. बाय, मी साहेबांना लिहिते. एकोणतिसावी माझ्या बहिणीने पकडली म्हणून. उरलेल्या चार कुठे चुकल्या तेही दाखवते तुला.

तुळसा: लिव नको. तुका वाटता माका बरा वाटला?

सुभद्रा: नाही वाटलं?

तुळसा: सदतीस ऐकलंय नि वाटला, आकडो इचारूकच नको होतो. इतकी वर्सां मी मनाक समजावी होतंय, शाळा आपल्या डोक्यातली न्हयच होती, सुटली ती बरी सुटली. चौथीतलो पयलो नंबर काय, पोरांचो खेळ. असा म्हटला काय झोप येय होती माका. आता काय सांगू मनाक?

सुभद्रा: बाय, माझं ऐक तरी...

तुळसा: काय ऐकूचा नाय माका. काय सांगशीत तर माका आणखी राग येयत. तक्तो घे. गाडी चुकात. छत्री घे, ऊन आसा.

सुभद्रा: येतंस माझ्यावांगडा मालवणाक?

तुळसा: आज नको. तुझ्या बाजूक बसान जावचा मन नाय माझा. सांगलंय ता खरा सांगलंय.

सुभद्रा: बरा.

तुळसा: आणि पिशयेत तो मोठो लखोटो कसलो?

सुभद्रा: पुढच्या पट्ट्या. साठ आहेत. अजून कोणीच बघितलेल्या नाहीत.

तुळसा: तो हयच ठेवन जा.