कनकवल्लीच्या बाह्या

वाचकहो, जुन्या हुबळीत शिंप्याच्या दुकानी विजार नेण्यास गेलेल्या मुकुंदरावांच्या कानी सन १९९८ साली पडलेला मायलेकींचा संवाद येथे यथातथ्य सादर करण्यात येत आहे. त्या सुमारास तमिळ नटी कनकवल्ली निवडून येऊन मंत्री झाली होती, आणि लेकीचा, रेश्माचा, साखरपुडा परवावर आला होता.

“आई, कनकवल्लीसारखं झंपर शिवू म्हणालीस की नाही?”

“म्हणाले की. हा बघ पेपरातला फोटो. कोपराखाली बाह्या, बंद गळा. किती शोभतंय!”

“हा नव्हे गं! ह्या जुन्या कॅलेंडरावरचा. फुग्याच्या बाह्या, पाठीला नाडी.”

“अगोबाई! सासरची माणसं काय म्हणतील?”

“तुझ्या लग्नातल्या फोटोत ह्याच बाह्या आहेत की!”

“तेव्हा ती नटी होती. आता मंत्री झाली.”

“ती झाली. मी कुठं निवडून आले?”

“अक्का, कात्री हातात धरून बसलोय,” शिंपी म्हणाला. “कुठली कनकवल्ली कापू?”

“काप बाबा, कॅलेंडरावरची.”

“आणि तुमच्या झंपराला पेपरातली?”

“का? मला तरी कोण उभं करतंय निवडणुकीला? माझंही तसंच शीव. नाडी जरा लांब सोड.”

वाचल्याबद्दल सर्वांचा ऋणी,
हणमंत शिवाप्पा चव्हाण, अमरगोळ