किंकाळी, बाई, उत्तम

लेक : वारा झाला, गंजलेलं फाटक झालं, वटवाघळं झाली. सकाळपासून हेच ऐकतेय. बाबा, यात आई कुठाय?

बाबा : दमानं घे, बयो. ते फाटक नीट ऐकलंस का? मोडक्या छत्रीची काडी आणि कपाटाची बिजागरी घासून मी काढलेला आवाज. बस्स! रेडिओवर हे करकरलं की लोक उठून आपापल्या दाराची कडी बघून यायचे. एका गावात तर कड्या अशा घट्ट लागल्या, की दुसऱ्या दिवशी एक माणूस घराबाहेर पडेल तर शपथ.

लेक : मागच्या खेपेला ती गल्ली होती.

बाबा : चाळीस वर्षांत वस्ती वाढते.

लेक : हसवू नका. रेडिओ केंद्रवाले तुमच्या टेपांचे हे सगळे डबे भंगारात घालत होते. मी अर्ज केला, खेटे मारले, साहेबाच्या हातापाया पडले आणि गाडीत कोंबून घेऊन आले. का? तर तुम्ही जन्मभर सांगत आलात, तुझ्या आईचा आवाज टेपवर आहे, तासच्या तास, केंद्रात सुखरूप ठेवलाय. माझ्याकडे तिचे चार फोटो आहेत. चारही फोटोंत तोंड मिटलेलं. ती गेली तेव्हा मी दीड वर्षाची होते. ती बोलायची कशी, मला ठाऊक नाही.

बाबा : त्याचं असं झालं, की त्या साली पूर...

लेक : पूर नको. आग नको. उंदीरही नकोत, ते मी दहावीत असताना येऊन गेले.

बाबा : माकडाचं सांगितलंय का तुला?

लेक : बाबा.

बाबा : बरं. तो तळाचा दे. चपटा, पत्र्याचा. झाकण दाबून फिरव, नाहीतर नख जाईल.

लेक : ‘किंकाळी, बाई, उत्तम.’ तुमचंच अक्षर आहे. ही त्या मनोऱ्यातल्या नवरीची ना? दर गुरुवारी संध्याकाळी लागायची ती मालिका?

बाबा : तीच. डोंगरावरचा महाल, मनोऱ्यात कोंडलेली नवरी, हातात मेणबत्ती घेऊन फिरणारा म्हातारा कारभारी. महाल म्हणजे आमच्या स्टुडिओचा जिना. कारभाऱ्याची पावलं माझी.

लेक : हे घेऊन मी काय करू?

बाबा : त्यावर ‘बाई’ लिहिलंय ना...

लेक : हो.

बाबा : ती बाई म्हणजे तुझी आई.

लेक : झाली सुरुवात.

बाबा : थाप मारायची असती, तर मी याच्यापेक्षा बरी मारली असती.

लेक : ...सांगा.

बाबा : नवरीचं काम करणारीचा घसा बसला होता. बोलणं घोगरं चालून गेलं, पण किंकाळी निघेना. फाटलेल्या भोंग्यासारखा आवाज. त्यात तुझी आई घराची किल्ली द्यायला आली. तू कडेवर, गाढ झोपलेली. मी म्हटलं, एवढी किंचाळ आणि जा. ती म्हणाली, घरी तुमच्यावर ओरडते त्याचे पैसे मिळत नाहीत, इथे मिळतील का?

लेक : असं म्हणाली?

बाबा : असंच. तुला तिनं कोपऱ्यात माझ्या कोटावर निजवलं, पदर खोचला आणि माईकसमोर उभी राहिली. आणि मग जी किंचाळली म्हणतेस! काचा थरथरल्या, बाहेरचा पहारेकरी नोकरी सोडून...

लेक : काचा आणि पहारेकरी राहू द्या. पुढे काय झालं?

बाबा : तू जागी झालीस. भोकाड पसरलंस. ती धावली, तुला उचललं आणि म्हणाली, “मीच आहे गं, मीच आहे. कुणी नाही.” आणि हसायला लागली. तू रडतेयस, ती हसतेय. बराच वेळ. मध्येच मला म्हणाली, “बघा, पोरगीसुद्धा घाबरली, म्हणजे बरं जमलंय.”

लेक : आणि टेप?

बाबा : चालू होती.

लेक : म्हणजे आहे! बाबा, हे आहे टेपवर? कुठल्या डब्यात?

बाबा : नाही, बयो.

लेक : आत्ताच म्हणालात ना, चालू होती.

बाबा : आमची कामाची रीत होती. हवं तेवढं ब्लेडनं कापायचं, वेगळ्या रिळावर चिकटवायचं, वर नाव घालायचं. उरलेल्या टेपवर दुसरं भरायचं. नवी टेप मागायला गेलं की साहेब म्हणायचे, खाता की काय? मी कापण्यात हुशार. किंकाळीच्या मागेपुढे केसभर फालतू ठेवलं नाही.

लेक : फालतू.

बाबा : तेव्हा ती घरी होती ना गं! रात्रंदिवस बोलायची. एवढी बोलायची, की मी कानात कापूस घालून जेवायचो... ही मात्र थाप आहे. जेवताना मीच बोलायचो. ती ऐकायची.

लेक : उरलेल्या टेपवर काय भरलंत?

बाबा : तू मघाशी ऐकलंस.

लेक : काय?

बाबा : वटवाघळं. चामड्याचे हातमोजे माईकसमोर फडफडवले. त्याच संध्याकाळी. सहा महिन्यांनी ती गेली. तेराव्या दिवशी मी केंद्रात जाऊन ते रीळ लावलं, म्हटलं, कुठेतरी, एका टोकाला एखादा शब्द सुटला असेल. पहिल्यापासून शेवटपर्यंत वटवाघळं.

लेक : मग ते ‘तासच्या तास’?

बाबा : पाच वर्षांची होतीस. विचारलंस, आईचा आवाज कुठाय? मी म्हटलं, केंद्रात आहे, खूप आहे. एवढी खूश झालीस. मग ते कमी करताच येईना.

लेक : नऊ वर्षं लावलीत तुम्ही ती किंकाळी. कुठल्याही नाटकात कुणीही मेलं की तीच. दार उघडलं की तीच. मी उशीखाली डोकं घालायचे, बाबा. आणि नेमका त्याच वेळी तुम्ही रेडिओ मोठा करायचात! मला वाटायचं, माझा बाप दुष्ट आहे. एकदा मी तुम्हाला चावले होते.

बाबा : वण आहे अजून. हा बघ.

लेक : का करायचात मोठा?

बाबा : तुला द्यायला माझ्याकडे दुसरं काय होतं? वाटायचं, कळत नसलं तरी कानावर पडू दे.

लेक : मी आईला भीत होते.

बाबा : तू एकटी नव्हतीस. अख्खा मुलूख भीत होता तिला. आणि तिला साधं झुरळ मारवत नव्हतं.

लेक : लावा.

बाबा : टेप कडक झालीय. तुटेल कदाचित.

लेक : तुटू दे. लावा.

(टेप फिरते. तीन सेकंद किंकाळी. मग नुसतं रीळ फिरत राहतं.)

बाबा : बंद करू?

लेक : हिच्यात काहीच कळत नाही. अशी तर कुणीही किंचाळेल. मीही.

बाबा : हो.

लेक : बाबा, तुम्ही सगळ्यांचे आवाज काढता. साहेबांचा काढता, त्या कारभाऱ्याचा काढता, मांजराचा काढता. आई “मीच आहे गं” कशी म्हणाली, ते काढून दाखवा.

बाबा : ते नको सांगूस.

लेक : एकदाच.

बाबा : शब्द पक्के आहेत, बयो. सूर गेला. न्हाणीघरात नळ सोडून किती वर्षं म्हणून बघितलंय. कधी वर घेतो, कधी खाली, कधी हसत म्हणतो. आता त्यातला तिचा कुठला आणि मी केलेला कुठला, मलाच सांगता येत नाही.

लेक : कुठल्याही सुरात म्हणा. मला कुठे फरक कळणार आहे?