गुरुजींच्या आधी सिनेमाला

आमचा वारज्याचा श्रीधर शास्त्रीय बंदिशी बांधतो आणि सिनेमांना संगीतही देतो, हे तुम्हाला ठाऊक आहेच. हल्ली तो चारचौघांत गायला का बसत नाही, ते सांगतो.

नवी बंदिश बांधली की आधी शनिवार पेठेत जाऊन गुरुजींना ऐकवायची, हा त्याचा नेम. त्यांनी मान हलवली तरच ती बाहेर गायची. गेल्या वर्षी त्याला एक बंदिश अशी सुचली की स्वतःच थक्क होऊन बसला. नेमका तेव्हाच एक दिग्दर्शक चालीसाठी घाई करत होता. ह्याने तीच देऊन टाकली. गाणं इतकं गाजलं की आमच्या सोसायटीतले कुकरसुद्धा त्याच सुरात शिट्ट्या मारायला लागले.

मग ह्याचं मन खाऊ लागलं. पेठेत गेला आणि गुरुजींसमोर बसून पूर्ण बंदिश गायला.

गुरुजी म्हणाले, "हे खालच्या दुकानात दिवसभर वाजतं. सिनेमातलं ना?"

"हो."

"बांधलीय मात्र सुरेख. कुणाची रे? तुझी असती तर आधी माझ्याकडे आली असती."

श्रीधर तानपुऱ्याची खुंटी पिळत बसला.

"एकदा घेऊन ये त्याला. असा शिष्य मिळायला हवा होता मला."

श्रीधरने हे सांगितलं तेव्हा मी विचारलं, "अरे, मग तू काय म्हणालास?"

"काय म्हणणार? म्हटलं, तो आता भेटत नाही गुरुजी. सिनेमात गेलाय."