देवीची बहीण लाइव्ह गाते

तुला देवीचं सांगितलं का? लीड्सच्या हॉस्पिटलमध्ये माझ्याबरोबर नर्स आहे, इंडोनेशियाची. चार वर्षं घरी गेलेली नाही. तिची धाकटी बहीण तिकडे संध्याकाळी घरूनच फोनवर लाइव्ह गाते आणि बघायला येणाऱ्यांची नावं घेते. परवा नेमकी तेव्हाच आमची लंचची सुट्टी होती, म्हणून देवीने पहिल्यांदाच ते लावलं. मीही शेजारी बसले. हिचं नाव दिसताच बहीण गाता गाता थांबली आणि ओरडून काहीतरी बोलली. मागे भाजी निवडत बसलेली आई लगबगीने उठून गेली.

"काय म्हणाली ती?" मी विचारलं.

"ताई आली, म्हणाली."

"मग आई कुठे गेली?"

देवी स्क्रीनकडेच बघत होती. म्हणाली, "दार उघडायला."