लुझिनचा मराठी आवाज

—नाय नाय, बसा हो, तुमचा नंबर यायला टाइम हाय, आधी माझा हाय. माझं स्वरयंत्र काढणारेत आज, हे बघा, इथलं — म्हणजे अकरापर्यंत काय बोलायचं ते बोला, पुढं कायमचं बंद. म्हणून म्हटलं, माझा फोन साधा हाय, तुमच्या मोबाइलात दोन वाक्यं भरा आणि माझ्या पोरीच्या नंबरवर पाठवा, बायकोसाठी, मैनासाठी. पोरीकडनं, सिन्नरहून निघाल्यात दोघी मायलेकी, पण एसटी काय अकराच्या आत पोचत नाय. कॉल? केला की सकाळी! खिडकीची जागा मिळाली का, एवढंच विचारून ठेवला. चाळीस वर्षं ती म्हणतेय, एकदा तरी माझ्याशी सरळ बोला — आणि मला येत नाय हो, खरंच येत नाय.

सगळा त्या लुझिनचा घोळ. स्तेपान लुझिन, रशियाचा विनोदी नट — तुम्हाला कुठनं माहीत असणार! ओझरला विमान कारखान्यात रशियन इंजिनिअर होते, त्यांच्याकडनं त्याचे पिक्चर यायचे, गणपतीत कॉलनीच्या मैदानावर पडदा लावायचे. भाषा आमच्यात कुणालाच कळत नव्हती, म्हणून माइक माझ्या हातात. पडद्याशेजारी उभा राहून मी चिरक्या आवाजात मराठी बोलायचो — मनानंच! तो साहेबाची टोपी शोधतोय, मी म्हणायचो, मैना, माझा डबा कुठं ठेवलास? पब्लिक लोटपोट. नवीन लग्न होतं, मैना पण पुढं बसून हसायची. सर्कशीतनं पिक्चरात आलेला तो, वीस वर्षं नुसता धडपडला, पडला, लोकांना हसवलं. मग त्याचा शेवटचा पिक्चर आला. त्यात तो रिकाम्या खाटेपुढं उभा राहतो आणि लय वेळ बोलतो. मी म्हटलं, मैना, उठ की, दूधवाला आलाय! मैदान हसलं — आणि रशियन माणसं एकेक करून उठून गेली. दुसऱ्या दिवशी वेराबाई, एका इंजिनिअरची बायको, तुटक्या हिंदीत म्हणाली, त्याची बायको मेलेली असते, तो तिची माफी मागत असतो. जन्मात एकदा रडायचं काम मिळालं त्याला, तर तिकडं रशियातसुद्धा लोक हसलेच. मग त्यानं पिक्चरच सोडले.

मला काय माहीत? कुणी सांगायला नको? — पण नंतर तर माहीत होतं ना! पुढच्या वर्षी आमचा पोरगा गेला, तीन दिवसांचा. मैना भिंतीकडं तोंड करून पडलेली, आणि मी — तिला जरा बरं वाटावं म्हणून — त्याच आवाजात म्हटलं, मैना, उठ की. तिनं तोंडावर पांघरूण ओढून घेतलं. हे तुम्हाला सांगायचं नव्हतं. राहू द्या. करा चालू.

मैना, मी बोलतोय. त्या दिवशी मी तुझ्याजवळ नुसतं बसायला पायजे होतं, आणि मी — थांबा, आवाज तसाच चिरका येतोय का? मुद्दाम नाय करत हो, घसाच असा झालाय. परत घ्या. मैना, मला माफ —

हसलात?

नाय, हसलात तुम्ही. तोंडावर हात धरलात आत्ता, बघितलं मी. पुसा ते मोबाइलातलं. पुसा म्हणतो ना! सिस्टर मला बोलावतायत. जा तुम्ही, तिकडं पलीकडं बसा.