जाऊबाईची बारी

माय हो, बैनी हो, गावातले मोठे मान्सं, आन समोर बसलेले भाऊजी, तुमाले साऱ्याईले माहा नमस्कार. मी लता. सुमनबाईची धाकटी जाऊ. काय बोलाव थे मी सकाळपासून पाठ करून राह्यली व्हती. इथं उभी राह्यली आन सारं गेलं. भाऊजी म्हंजे जाऊबाईचे मालक, त्याईच्यासमोर मी आजवर मान वर करून बोलली नाई. आज माइक हातात घेऊन बोलून राह्यली. जाऊबाई असत्या तं पदर तोंडाले लावून हासल्या असत्या.

माह्या आधी जे बोलले त्याईनं सारं खरंच सांगतलं. सुमनबाई कष्टाळू व्हत्या. हात सढळ व्हता. भाजीच्या वाफ्यात तन दिसू देत नोहत्या. बचत गटाच्या बाया म्हनल्या, त्याईनं कधी आवाज चढवला नाई. थेबी खरं. पन मले जी जाऊबाई माहीत हाय, तिची गोष्ट कोनीच सांगतली नाई. कोनाले माहीतच नाई तं सांगनार कसं? ती गोष्ट जिच्यासंगं बोलाव, थीच गेली. म्हनून आज तुमाले सांगते.

आमी दोघी जावा फोनवर गेम खेळत व्हतो.

हासा. हासाले हरकत नाई. आमीबी लय हासलो.

जनावराईच्या लढाईचा गेम हाय थो. प्रिया, जाऊबाईची पोरगी, अकोल्याले नांदाले गेली, तवा आईच्या फोनात टाकून गेली. म्हने, 'आई, तुले करमनार नाई, हे खेळजो.' आपल्या बाजूनं चार जनावरं. समोर चार. दोन जाऊबाईचे, दोन माहे. फोन एकच. त्याईची बारी झाली का फोन माह्या मांडीवर, माही झाली का त्याईच्या मांडीवर. मेथी-कोथमिरीच्या जुड्या बांधून झाल्या, वाफ्यात पानी सोडलं, का निंबाखाली बसाव आन एक लढाई खेळाव. लोक म्हनत, या दोघी जावा भांडत काहून नाई? अवं, भांडाले येळ कुठं व्हता आमाले!

या खेळात नुसती मारामारी नसते. समोरचं एखादं चावते आन आपल्याच्या आंगात इख भिनते. दर बारीले जीव थोडा थोडा जाते. कोनी फुंकर मारते आन आपलं झोपून जाते. कोनाले लकवा मारते, कितीबी चाल सांगा, जागचं हालत नाई. आन एक गोंधळ असते. गोंधळ झालेलं जनावर सोताच्याच तोंडात मारून घेते. पह्यल्यांदा थे पाह्यलं तवा मी म्हनली, 'जाऊबाई, हे तं माह्यासारखंच हाय.' त्या हासल्या नाई.

मी कशी खेळे? माहं एक जनावर व्हतं, वाघ्या. आंगानं दांडगं. मी त्याले पह्यल्याच बारीले सोडे. धर आन मार. जाऊबाई पह्यली बारी कवचात घालवत. चारी जनावराईवर पांढरी चादर टाकल्यासारखं कवच ये. थे हाय तोवर कोनाले इख चढत नाई, कोनाले झोप लागत नाई. मी चिडे. 'अवं जाऊबाई, समोरच्यानं अजून हात उगारला नाई, कवच कायले? बारी वाया गेली ना!'

त्या म्हनत, 'लते, मिरचीची पानं मुरडल्यावर धावपळ करून काय उपेग? आधी जपाव. मार तं कोनीबी देते.'

आन माही एक खोड. औषध जपून ठेवायची. घरात चांगल्या कपबश्या पाहुन्यासाठी ठेवतो ना आपन, तशी. इखावरचा पाला मी थैलीत जपे आन तिकडं वाघ्या इखानं मरे. लढाई हारलो, पाला तसाच. जाऊबाई म्हनत, 'कोन पाहुना येनार हाय वं तुह्या फोनात? देऊन टाक त्याले.'

त्याईचं एक जनावर व्हतं, भुरी. गाईसारखं, गळ्यात घंटी. मारात कायीच दम नाई. पन तिनं घंटी वाजवली का आपल्या बाजूचे झोपलेले सारे उठत. माहा वाघ्या पुढं पुढं करे आन दर लढाईत झोपे. मंग भुरी घंटी वाजवे. कधी कधी लढाई आमच्या हातात आलेली असे, एका फटक्याचं काम. तरी जाऊबाई आधी घंटी वाजवत. मी म्हने, 'मारा ना! जिंकलोच आपन.' त्या म्हनत, 'झोपलेल्याले मागं ठेवून जिंकू नाई.'

आता एक दुसरी गोष्ट सांगते. हे गेमच्या लय आधीचं हाय.

एक बारसं व्हतं. कोनाच्या घरचं थे सांगत नाई. तुमच्यातल्या कितीतरी जनी तिथं व्हत्या. माह्या लग्नाले लय वर्सं झाली व्हती आन मांडी रिकामी व्हती. माहेरून, रिठदवरून, आई फोन करे आन फोनवरच रडे. बारशाले जानं मी सोडूनच देल्लं व्हतं. थ्या दिवशी जाऊबाईनं हात धरून नेलं. पाळन्याभोवती बाया बसलेल्या. मी दारातच थबकली. एक जनी माह्याकडं पाहून तोंड उघडनार, तेवढ्यात जाऊबाईनं लेकरू उचललं आन माह्या मांडीवर आनून ठेवलं. 'लते, धर याले. रडून राह्यलं कवाचं. तुह्याजोळच निजते हे.'

झालं. मंग कोन काय बोलनार? नाव ठेवलं, घुगऱ्या वाटल्या, आमी घरी आलो. रस्त्यानं त्या भेंडीच्या भावाचं बोलत राह्यल्या.

लय वर्सानं फोनात थे पांढरं कवच पह्यल्यांदा पाह्यलं आन मले थे बारसं आठवलं. समोरच्यानं हात उगारायच्या आधी. मी कवचाले नावं ठेवत व्हती, आन उभा जलम थ्याच कवचाखाली राह्यली व्हती.

खरं सांगू? रागावू नका. तुमी साऱ्या चांगल्या हा. पन आज या गर्दीत मी पह्यल्यांदा जाऊबाईबिगर आली हाय, आन मले भेव वाटून राह्यलं.

थ्या दिवशी दुपारी आमी निंबाखालीच व्हतो. वांग्याले पानी चालू व्हतं. लढाई रंगात आली व्हती. समोरचं एकच जनावर उरलं व्हतं, थेबी मराले टेकलेलं. वाघ्या झोपला व्हता, रोजच्यासारखा. मी माही बारी खेळली आन फोन त्याईच्या मांडीवर ठेवला. म्हनली, 'जाऊबाई, तुमची बारी.'

त्याईनं झाडाले पाठ टेकवली व्हती. डोळे मिटले व्हते. दुपारची डुलकी त्या घेतच. मी म्हनलं, घेऊ द्या. उठली, पानी दुसऱ्या वाफ्यात फिरवलं, हात धुऊन आली. 'जाऊबाई, तुमची बारी हाय.' मंग बाजूले बसली. 'जाऊबाई.' मंग हात धरला.

डॉक्टर म्हनले, झोपेतच गेल्या, त्याईले काई समजलं बी नसन. जो भेटते थो म्हनते, सुखाचं मरन आलं. असन. त्याईच्यासाठी असन.

मालेगावच्या बाजारात आता मी एकटीच बसते. पोतं आंथरते तं अर्धंच भरते, अर्धं त्याईचं म्हनून तसंच राह्यते. गिऱ्हाईक विचारते, दुसरी बाई कुठं गेली? मी मेथीच्या जुड्या मांडत राह्यते. घरात मान्सं हायेत, नाई कशी? जेवन व्हते, बोलनं व्हते, माहे घरचे दोनदा विचारते का, जेवली का तू. पन बारी झाल्यावर फोन ठेवाले मांडी नाई.

फोन प्रियानं मलेच देल्ला. 'काकू, आईचा हाय, तुमीच ठेवा.' मी रोज चार्जिंगले लावते. रोज उघडून पाह्यते. या गेमले घाई नाई, समोर मानूस नसते, फोनच असते, थो वाट पाहत राह्यते. भुरी उभी हाय. वाघ्या झोपला हाय. आन खाली लिहून येते, तुमची चाल. घरचे म्हनते, 'एक तं खेळून टाक, नाईतं काढून टाक थो गेम.' मी कशी खेळू? थी बारी माही नाई. जाऊबाईची हाय. थी खेळली का लढाई संपली. मंग त्याईचं माह्याकडं काई बाकी राह्यत नाई.

इतले दिवस माहं बोट तिथंच अडकलं व्हतं. काल रिकाम्या पोत्याजोळ बसल्या बसल्या मनात आलं, जाऊबाईनं कोनालेच इतला येळ झोपू देल्लं नसतं. वाघ्या निंबाखालच्या थ्या दुपारपासून झोपून हाय. त्याईले थे पाहवलं नसतं.

तं आता आपन साऱ्याईनं मिळून दोन मिनिटं उगंमुगं उभं राहू. आपापले फोन बंद करा. भाऊजी, तुमी बसूनच राहा, चालते. जाऊबाईचा फोन तेवढा चालू राहीन, हा माह्या हातात हाय. मधातच एक घंटी वाजन. कोनाचा फोन वाजला म्हनून मांगं वळून पाहू नका. थी भुरी हाय. जाऊबाईची बारी मी खेळून राह्यली. एकडावच.

त्या घंटीनं वाघ्या उठन.

जाऊबाई, तुमी उठू नका. लय जागल्या तुमी आमच्यासाठी. झोपा आता.

चला, उभे राहा.